समोर कोणी नसताना

आमच्या हौशी नाट्यसंस्थेत नव्या मुलांची तालीम सुरू झाली की पहिल्या आठवड्यातच मी त्यांना एक काम देतो. रंगमंचाच्या मधोमध एक रिकामी खुर्ची ठेवायची, तिच्यात कोणीतरी बसले आहे असे मानायचे आणि त्या बसलेल्याची आपल्याला भीती वाटते आहे, एवढेच करून दाखवायचे. बोलायचे मात्र नाही. बहुतेक मुले डोळे मोठे करतात, दोन पावले मागे सरतात, हात तोंडावर नेतात आणि मग थांबतात, कारण पुढे काय करावे हे त्यांना उमगत नाही. भीती दाखवून झालेली असते, पण खुर्चीत कोणी आलेले नसते. क्वचित एखादी मुलगी असे काही करून जाते की आम्हा सगळ्यांची नजर तिच्या चेहऱ्यावरून सरकते आणि नकळत त्या खुर्चीकडे वळते. तशी नजर वळली की मी मनाशी नोंद करतो, ही पोर नाटकात टिकणार.

दर वेळी त्या क्षणी मला ब्रूस कॅम्पबेल आठवतो. ऐंशी-नव्वदच्या दशकांत ज्यांनी व्हिडिओ कॅसेटवर इंग्रजी भुताचे चित्रपट पाहिले, त्यांना हे नाव नाही तरी तो चेहरा आठवेल: पुढे आलेली ठसठशीत हनुवटी, रक्ताने माखलेला निळा शर्ट आणि उजव्या हाताच्या जागी बसवलेली लाकूड कापायची यांत्रिक करवत. ‘ईव्हिल डेड’ चित्रपटांतला अ‍ॅश तो हाच. त्याने मोठ्या खर्चाच्या चित्रपटांत लहान भूमिका केल्या, दूरचित्रवाणीवर वर्षानुवर्षे काम केले, पण त्याचे नाव ज्यांच्याशी कायमचे जोडले गेले ते चित्रपट थोड्या पैशांत केलेले, भीती आणि हसू यांची गाठ मारणारे आणि प्रदर्शित झाल्यानंतर बऱ्याच काळाने ज्यांच्याभोवती भक्तांचा मेळा जमला असे आहेत. २००१ साली त्याने आत्मकथन लिहिले तेव्हा मुखपृष्ठावरच स्वतःला ‘बी मूव्ही’चा, म्हणजे कमी खर्चाच्या दुय्यम चित्रपटांचा नट म्हणवून घेतले. पंचवीस वर्षे हौशी रंगभूमीवर उभा राहिल्यानंतर मी हे मोकळ्या मनाने सांगू शकतो की अभिनयातली एक गोष्ट मला या माणसाइतकी स्पष्ट दुसऱ्या कोणी दाखवली नाही, आणि ती म्हणजे समोर कोणी नसताना काम कसे करावे.

मी त्याला पहिल्यांदा पाहिले ते सांगलीत, एका मित्राच्या घरी, भर दुपारी खिडक्यांना चादरी लावून. मित्राच्या थोरल्या भावाने व्हिडिओ लायब्ररीतून कॅसेट आणली होती. ती इतक्या वेळा फिरलेली होती की पडद्याच्या खालच्या कडेला सतत पांढऱ्या रेघा धावत होत्या. चित्रपट होता ‘ईव्हिल डेड २’. आम्ही सात-आठ मुले घाबरायला बसलो होतो आणि अर्ध्या तासात सगळे खदाखदा हसत होतो, तरी कोणीही पाय जमिनीवर सोडायला तयार नव्हता. सगळ्यांनी ते कॉटवर घेतले होते. एकाच वेळी हसायला येते आणि पायही वर घ्यावेसे वाटतात, हे कसे, याचा मी तेव्हा विचार केला नाही. पुढे स्वतः अभिनय करू लागल्यावर तो विचार सुटला नाही.

त्या चित्रपटातला स्वयंपाकघराचा प्रसंग मी आजवर किती वेळा पाहिला असेल याची मोजदाद नाही. अ‍ॅशच्या उजव्या हाताला भुताटकीची बाधा झाली आहे आणि तो हात आता त्याचा राहिलेला नाही. हात त्याचे केस पकडतो आणि डोके आपटतो. हात एकेक ताटली उचलून त्याच्या टाळक्यावर फोडतो. शेवटी अ‍ॅश बेशुद्ध होऊन जमिनीवर पडतो, आणि इथे जे घडते ते मला विलक्षण वाटते. सगळे शरीर निपचित आहे, मान कलंडली आहे, पण पाच बोटे जागी आहेत. ती फरशीत रुतवून हात इंचाइंचाने पुढे सरकतो, पलीकडे पडलेल्या सुऱ्याच्या दिशेने, आणि मागून ते जड शरीर पोत्यासारखे ओढले जाते. एकाच माणसाच्या देहात एक पात्र झोपले आहे आणि दुसरे खुनाच्या तयारीत आहे. तो हात कॅम्पबेलचाच आहे, हे आपल्याला दर क्षणी दिसत असते. त्यात कसली यांत्रिक करामत नाही. तरीही आपली नजर त्या बोटांकडे अशी लागते जणू तिथे दुसराच कोणी आहे. पुढे तो शुद्धीवर येतो, हाताला सुऱ्याने जमिनीशी खिळतो, करवतीने तोडतो आणि तोडलेल्या हातावर बादली पालथी घालून वर पुस्तकांचे ओझे ठेवतो. सगळ्यात वरचे पुस्तक हेमिंग्वे यांचे ‘अ फेअरवेल टू आर्म्स’ आहे. हातांचा निरोप! ‘आर्म्स’ म्हणजे शस्त्रे आणि बाहूही, या इंग्रजी शब्दावरचा हा श्लेष सांगलीतल्या त्या दुपारी आमच्यापैकी कोणालाही कळला नव्हता, आणि त्यामुळे आमचे काहीही अडले नव्हते.

हे कौशल्य आले कुठून, याचा शोध घेताना मला त्याच्या बालपणाची हकीकत सापडली आणि तो एकदम जवळचा वाटू लागला. कॅम्पबेलचा जन्म २२ जून १९५८ रोजी मिशिगन राज्यातल्या, डेट्रॉइट शहराजवळच्या रॉयल ओक या गावी झाला. त्याचे वडील नोकरी सांभाळून गावच्या हौशी नाट्यमंडळात काम करत. दिवसा कामावर जाणारा बाप संध्याकाळी रंग लावून उभा राहतो, हे पाहत तो वाढला. चौदाव्या वर्षी त्याच मंडळाच्या संगीत नाटकात त्याला राजपुत्राची भूमिका मिळाली. पुढे शाळेच्या नाट्यवर्गात त्याची सॅम रेमीशी, म्हणजे ‘ईव्हिल डेड’च्या भावी दिग्दर्शकाशी गाठ पडली आणि या मुलांनी सुपर-८ या घरगुती कॅमेऱ्यावर लहान लहान विनोदी चित्रपट करण्याचा सपाटा लावला. त्यांचे दैवत होते ‘थ्री स्टूजेस’, म्हणजे एकमेकांच्या डोळ्यांत बोटे घालणारे, डोक्यात हातोडे मारणारे जुन्या अमेरिकी चित्रपटांतले त्रिकूट. मार खाण्याची तालीम कॅम्पबेलने तिथे केली. आपण ज्याला धांगडधिंगा म्हणून बाजूला सारतो, त्यात फटका बसण्याआधी अर्धा क्षण थांबायचे की नंतर, कोलमडताना आधी गुडघा जायचा की खांदा, याचा हिशेब गाण्यातल्या समेइतका काटेकोर असतो. पुढे त्याच्याकडून भयपटात जे काही झाले, त्याच्या मुळाशी हा हिशेब आहे.

१९७८ मध्ये त्यांनी अर्ध्या तासाचा एक नमुना चित्रपट तयार केला, तो दाखवून दंतवैद्य, वकील, व्यापारी अशा आसपासच्या लोकांकडून भांडवल गोळा केले आणि नोव्हेंबर १९७९ मध्ये टेनेसी राज्यातल्या मॉरिसटाउनजवळच्या रानात एका ओसाड लाकडी घरात ‘ईव्हिल डेड’चे चित्रीकरण सुरू केले. सहा आठवड्यांचे काम बारा आठवडे चालले आणि थंडी हाडांत शिरेपर्यंत ते त्या घरात राहिले. रानातला दैत्य दाखवायला त्यांच्याकडे पैसे नव्हते. म्हणून त्यांनी दैत्य दाखवलाच नाही. एका लांब फळीच्या मधोमध कॅमेरा घट्ट बसवला, फळीची दोन टोके दोघांनी धरली आणि ते झाडाझुडपांतून जमिनीलगत धावत सुटले. कॅमेरा जे पाहतो ते दैत्य पाहतो, एवढाच संकेत ठेवला. या युक्तीचे कौतुक सगळेच करतात आणि ते रास्तही आहे. पण तिची दुसरी बाजू मला नट म्हणून जास्त जाणवते. दैत्य म्हणजे कॅमेरा असेल तर नटाच्या वाट्याला समोर काय येते? एक काच, आणि तिच्यामागे धापा टाकणारे दोन मित्र. त्या काचेकडे पाहून ज्याचा चेहरा पांढराफटक पडतो, त्याच्यामुळे ती फळी दैत्य होते. पैशांअभावी पडलेली ती पोकळी सगळी त्याला आपल्या अंगाने भरून काढावी लागली.

या पहिल्या चित्रपटातला कॅम्पबेल अजून घडलेला नाही, हेही सांगायला हवे. एकवीस वर्षांचा हा मुलगा काही ठिकाणी नुसताच भांबावलेला वाटतो आणि संवाद म्हणताना हात कुठे ठेवावेत हे त्याला ठाऊक नसते. पण तो जे सोसतो ते खरे आहे. मक्याचा पाक, कॉफीत दुधाऐवजी घालायची भुकटी आणि खाण्याचा लाल रंग यांपासून केलेले रक्त त्याच्या अंगावर घागरींनी ओतले गेले. आम्ही एकांकिकेसाठी साखरेच्या पाकात लाल रंग कालवून असेच रक्त करत असू, म्हणून ते वाळल्यावर काय होते हे मला माहीत आहे: कापड पत्र्यासारखे ताठ होते, बोटे एकमेकांना चिकटतात आणि उतरवताना अंगावरची लव उपटून निघते. मी ते अर्धा तास अंगावर बाळगले आहे. त्याने आठवड्यांमागून आठवडे बाळगले.

चित्रीकरण लांबत गेले तसे ठरलेली मुदत संपून बाकीचे नट परतले आणि मागे राहिला कॅम्पबेल. उरलेल्या दृश्यांत इतर पात्रांच्या जागी जो हाताशी असेल त्याला उभे केले जाई. कधी पाठ, कधी नुसता हात, कधी केसांचा टोप. अशा बदली माणसांना या मंडळींनी ‘फेक शेम्प’ असे नाव दिले. थ्री स्टूजेसमधला शेम्प हॉवर्ड १९५५ मध्ये वारला तेव्हा कराराप्रमाणे चार लघुपट बाकी होते आणि ते पाठमोऱ्या बदली नटाला घेऊन पुरे केले गेले, त्यावरून हा शब्द आला. हे वाचताना माझ्या डोळ्यांसमोर आमच्या एका स्पर्धेचा दिवस उभा राहिला. प्रयोगाच्या सकाळी बापाची भूमिका करणारा आमचा सहकारी तापाने फणफणला, आणि शेवटी प्रकाशयोजना करणाऱ्या मुलाला शाल पांघरून प्रेक्षकांकडे पाठ करून खुर्चीत बसवले. बापाचे संवाद विंगेतून दुसराच म्हणत होता. मला त्या मुलाच्या डोळ्यांत पाहून रडायचे होते. तो बिचारा घाबरून माझ्या खांद्यावरून पलीकडे पाहत होता आणि बापाचा आवाज डाव्या बाजूने येत होता. पहिली दोन मिनिटे माझ्याकडून नुसते पाठांतर झाले. मग कधीतरी मी त्या आवाजाला त्या शालीत आणून बसवले. कसे ते मला आजही सांगता येणार नाही, पण त्यानंतर सभागृहात खोकल्याचाही आवाज आला नाही. ते काम मी आयुष्यात एकदा केले. कॅम्पबेलची सगळी कारकीर्द याच कामाची आहे.

चित्रपट पुरा करायला पैसे कमी पडले तेव्हा त्याने उत्तर मिशिगनमधली कुटुंबाची जमीन तारण ठेवू दिली. १६ मिलिमीटरच्या फिल्मवर टिपलेला तो चित्रपट, पावणेचार लाख डॉलरच्या आसपास खर्च होऊन, १५ ऑक्टोबर १९८१ रोजी डेट्रॉइटच्या रेडफर्ड थिएटरमध्ये पहिल्यांदा दाखवला गेला. पुढच्या वर्षी फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात भयकथाकार स्टीफन किंग यांनी तो पाहिला, त्याबद्दल भरभरून लिहिले, आणि वितरकांची दारे उघडली. तरीही कॅम्पबेलची वाट सोपी झाली नाही. रेमीच्या पुढच्याच चित्रपटात निर्मात्यांनी त्याला नायक म्हणून घ्यायला नकार दिला. त्याने त्यात एक छोटी भूमिका केली, निर्मितीच्या कामाला हात लावला आणि मित्राला सोडले नाही.

१९८७ सालचा ‘ईव्हिल डेड २’ मात्र सर्वस्वी त्याचा आहे. निर्माते डिनो डे लॉरेन्टिस यांच्या पैशांमुळे खर्च ३६ लाख डॉलरवर गेला होता, आणि तरी चित्रपटाच्या मधल्या मोठ्या भागात पडद्यावर जवळजवळ एकटा कॅम्पबेल आहे. हाताच्या प्रसंगानंतर लगेच दुसरा असाच प्रसंग येतो. भिंतीवरचे हरणाचे मुंडके मान वळवून हसू लागते, टेबलावरचा दिवा वाकून हसू लागतो, कपाट, पुस्तके, सगळी खोली हसत सुटते, आणि त्या गदारोळात अ‍ॅशही हसू लागतो. आधी तो त्यांच्याकडे पाहून हसतो, मग त्यांच्यासारखा हसतो, मग दिव्याबरोबर वरखाली होत हसतो, आणि एका ठिकाणी ते हसणे किंकाळीत कधी शिरले ते आपल्याला कळत नाही. वेडाच्या काठावरचा माणूस मी मोठमोठ्या नटांकडून पाहिला आहे. इतक्या स्वच्छपणे तो काठ ओलांडताना थोड्यांनाच पाहिले. चार निर्जीव वस्तूंमध्ये उभे राहून त्यांना सहकलाकारांचा मान देणे यासाठी एक निर्मळ श्रद्धा लागते. हे स्वस्त आहे, हे फुटकळ आहे, असा विचार चुकूनही नटाच्या डोळ्यांत चमकला असता तर दिवा दिवाच राहिला असता.

मालिकेतल्या तिसऱ्या चित्रपटात, ‘आर्मी ऑफ डार्कनेस’मध्ये, खर्च आणखी वाढला, अ‍ॅश मध्ययुगात जाऊन पडला आणि त्याच्या तोंडी टाळीची वाक्ये आली. चाहत्यांना हा बढाईखोर अ‍ॅश सर्वांत प्रिय आहे. मला तो थोडा कमी आवडतो, कारण वाक्याला टाळी मिळू लागली की शरीराचे काम मागे सरते. तरी फुटलेल्या आरशाच्या तुकड्यांतून वीतभर उंचीचे अनेक अ‍ॅश बाहेर पडून त्याला छळतात तो पवनचक्कीतला प्रसंग पाहावा. मारणारा, मार खाणारा, सगळे कॅम्पबेल. सांगाड्यांच्या फौजेशी तो तलवार खेळतो तेव्हाही अनेकदा ज्या सांगाड्याचा वार तो अडवतो आहे तो त्या क्षणी तिथे नसतो, नंतर पडद्यावर येणार असतो. हा चित्रपट अमेरिकेत १९९३ मध्ये लागला. त्याच वर्षी आपल्याकडे ‘झपाटलेला’ आला आणि लक्ष्मीकांत बेर्डे रामदास पाध्ये यांनी घडवलेल्या बाहुल्याशी जिवाच्या आकांताने झुंजताना दिसले. या दोन कामांचा एकमेकांशी काही संबंध नव्हता. पण बाहुला गळा धरतो तेव्हा तो जिवंत वाटण्याचे श्रेय बाहुल्याच्या करामतीइतकेच ज्याचा गळा धरला आहे त्याच्याकडे जाते, हे ज्यांनी लक्ष्यामामांना पाहिले आहे त्यांना वेगळे सांगायला नको.

पुढची वर्षे रोजच्या कामाची होती. दूरचित्रवाणीवरची ‘वेस्टर्न’, म्हणजे काउबॉयच्या धाटणीची मालिका, रेमीच्या तिन्ही ‘स्पायडर-मॅन’ चित्रपटांत एकेक छोटी भूमिका, ‘बर्न नोटिस’ मालिकेत २००७ ते २०१३ अशी सलग सात पर्वे. २०१५ मध्ये, सत्तावन्नाव्या वर्षी, तो ‘अ‍ॅश व्हर्सेस ईव्हिल डेड’ मालिकेसाठी पुन्हा अ‍ॅश झाला, आणि मालिकेचे पहिलेच दृश्य त्याला सुटलेले पोट पट्ट्यात आवळून बसवताना दाखवते. तीस भागांनंतर २०१८ मध्ये मालिका संपली आणि आता पडद्यावर अ‍ॅश साकारणार नाही असे त्याने जाहीर केले. पडणे, आपटणे, फरफटणे हीच ज्याची भाषा, त्या नटाला वय काय सांगत असेल याची कल्पना मला अलीकडे माझ्या गुडघ्यांवरून येते.

पण त्याचे माझ्या सर्वांत जवळचे काम या सगळ्याच्या मधले, २००२ सालचे आहे. जो लान्सडेल यांच्या कथेवर डॉन कोस्कारेली यांनी अगदी थोड्या पैशांत केलेला ‘बब्बा हो-टेप’. कथा सांगितली तर कोणीही हसेल: रॉक गायक एल्व्हिस प्रेस्ली मेलेलाच नाही, प्रसिद्धीला कंटाळून त्याने आपली नक्कल करणाऱ्या एकाशी जागा बदलली, तो नक्कल करणारा मेला, आणि खरा एल्व्हिस आता पूर्व टेक्सासमधल्या एका वृद्धाश्रमात, मोडलेल्या कमरेनिशी, खाटेवर पडून आहे, आणि त्या वृद्धाश्रमात रात्री एक इजिप्शियन ममी म्हाताऱ्यांचे आत्मे शोषायला येते. चाळिशी नुकतीच ओलांडलेल्या कॅम्पबेलने हा म्हातारा केला आहे. त्याची हनुवटी रंगभूषेखाली लोंबते आहे, डोळ्यांवर मोठा चष्मा आहे, चालायला चौपायी वॉकर लागतो. ज्या देहाने इतकी वर्षे कोलांट्या मारल्या, तो इथे खाटेवरून उठायलाच एक प्रवेश घेतो, आणि प्रत्येक इंच आपल्याला दुखतो.

आणि इथे त्याच्यासमोर कोणीतरी आहे. शेजारच्या खोलीत आपण अमेरिकेचे खून झालेले अध्यक्ष जॉन केनेडी आहोत असे ठामपणे मानणारा एक कृष्णवर्णीय म्हातारा राहतो. ही भूमिका ऑसी डेव्हिस यांनी केली आहे. डेव्हिस हे रंगभूमीवरचे जुने जाणते नट आणि नाटककार. १९६५ मध्ये कृष्णवर्णीयांचे नेते माल्कम एक्स यांच्या अंत्यविधीत श्रद्धांजलीचे भाषण त्यांनी केले होते. चौऱ्याऐंशीच्या घरातला हा माणूस ‘त्यांनी मला काळा रंग देऊन इथे टाकले’ अशा अर्थाचे वाक्य असे म्हणतो की त्यात थट्टेचा लवलेशही राहत नाही. तेव्हा कॅम्पबेलकडे पाहावे. तो काहीच करत नाही. तो ऐकतो. आयुष्यभर काचेकडे, दिव्याकडे, स्वतःच्या हाताकडे पाहून ज्याने प्रतिसाद दिला, त्याला समोर जिवंत, श्वास घेणारा, मातब्बर नट मिळाला आहे, आणि त्याच्या चेहऱ्यावर जी शांतता येते ती मला त्याच्या आधीच्या कोणत्याही कामात दिसलेली नाही. मग दोघे ममीशी लढायला निघतात, एक मोटारीवर चालणाऱ्या चाकांच्या खुर्चीत, दुसरा पांढरा चमचमता पोशाख चढवून वॉकर टेकत टेकत, वृद्धाश्रमाच्या लांब बोळातून. मी हे आमच्या मुलांना दाखवतो तेव्हा ती आधी हसतात. बोळ संपेपर्यंत हसणे थांबलेले असते.

लढाईत डेव्हिस यांचे पात्र मरते. ममी जळते. एल्व्हिस जखमी होऊन नदीच्या काठावर उताणा पडतो, आणि समोर पुन्हा कोणी नाही. रात्रीचे आकाश आहे आणि तारे आहेत. ते तारे हळूहळू सरकून इजिप्शियन चित्रलिपीत ओळ जुळवतात, सर्व काही ठीक आहे. कॅम्पबेल वर पाहतो. चित्रीकरणाच्या वेळी त्याच्यासमोर ते तारे नसणार, हे मला पक्के माहीत आहे, आणि तरी दर वेळी माझी नजर त्याच्या चेहऱ्यावरून वर जाते. खालून तो त्याच्या त्या जुन्या, घोगऱ्या आवाजात आभार मानतो, दोनदा.